बुधवार पेठेतून ऐकलेला माहितीपट

पुण्यातल्या माहितीपटाचा इतिहास सांगायला बसलेला माणूस बहुधा लॉ कॉलेज रस्त्यापासून सुरुवात करतो. १९३३ साली कोल्हापूरहून आलेली प्रभात फिल्म कंपनी, तिच्याच जागेत १९६० साली उभी राहिलेली फिल्म इन्स्टिट्यूट, १९६४ सालचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय, असा तो क्रम. त्यात चूक काही नाही. मी मात्र सुरुवात बुधवार पेठेतल्या पासोड्या विठोबाच्या देवळापाशी करणार आहे. मी ध्वनिमुद्रक आहे आणि आमच्या धंद्याला लागणारे सामान तिथे मिळत असे.

पासोड्या विठोबाच्या आसपास रेडिओवाल्यांची दुकाने होती. माझ्या वडिलांचेही एक होते, दुरुस्तीचे, दोन माणसे उभी राहिली की भरणारे. रेडिओमागून टेपरेकॉर्डर आले, टीव्हीचे सुटे भाग आले, पुढे सगळी इलेक्ट्रॉनिक्सची बाजारपेठच तिथे वसली. माइकची केबल तुटली, बॅटऱ्या संपल्या, एखादी पिन सोल्डर करून हवी असली की पुण्यात शूटिंगला आलेली माणसे बुधवारात येत. त्यात जाहिरातवाले असत, लग्नाचे व्हिडिओवाले असत आणि अधूनमधून एखादा स्वतंत्र माहितीपटवाला. खांद्याला झोळी आणि पैसे मोजून देण्याची रीत यावरून तो लगेच ओळखू येई. अशाच एकाबरोबर माइक धरायला म्हणून मी गेलो आणि त्या कामातच राहिलो.

बुधवार पेठ वसली औरंगजेबाच्या काळात, तिला बुधवार हे नाव मिळाले पेशवाईत. इथल्या बुधवार वाड्याला १८७९ साली आग लागून तो नष्ट झाला. दगडूशेठ गणपतीसमोरच्या भिडे वाड्यात १८४८ साली जोतीराव आणि सावित्रीबाई फुल्यांनी मुलींची शाळा काढली. त्याच वर्षी सुरू झालेले नगर वाचन मंदिर बुधवार चौकात आहे. अप्पा बळवंत चौकात पुस्तकांची दुकाने, फरासखान्यात पोलीस चौकी, आणि या सगळ्यापासून हाकेच्या अंतरावर दाणे आळी, जिचे नाव घरात मोठ्यांदा घेत नसत. मुलींची पहिली शाळा आणि कुंटणखान्यांची वस्ती एकमेकींच्या इतक्या जवळ आहेत, ही गोष्ट मला लहानपणापासून अस्वस्थ करत आली आहे. सामाजिक प्रश्न हा शब्द मी पुस्तकात नंतर वाचला. शाळेत जाता-येताना तो रोज दिसतच होता.

सिनेमाही पेठांमध्येच होता. मंडईजवळ १९१५ साली बापूसाहेब पाठकांनी आर्यन थिएटर काढले, पुण्यातले पहिले. अप्पा बळवंत चौकात १९३४ साली किबे लक्ष्मी थिएटर सुरू झाले, तेच पुढे प्रभात म्हणून गाजले. ‘कुंकू’ (१९३७), ‘माणूस’ (१९३९), ‘शेजारी’ (१९४१) या प्रभात कंपनीच्या बोलपटांनी समाजाचे प्रश्न पडद्यावर आणले. जरठ-कुमारी विवाह, वेश्येच्या वाट्याला आलेले जिणे, हिंदू-मुसलमानांचा शेजार, असे ते विषय. मात्र ही बोलणारी माणसे नट होती, त्यांच्या तोंडचे शब्द लेखकाचे होते. खऱ्या माणसाला पडद्यावर स्वतःच्या तोंडाने बोलायला मिळावे, याला आणखी बरीच वर्षे जायची होती. माझ्या दृष्टीने आपल्या माहितीपटाचा इतिहास हा त्या वर्षांचा इतिहास आहे. चित्र कुणाचे काढले हे दिसतेच. आवाज कुणाचा ऐकू आला, ते मी तपासत आलो आहे.

आरंभी आवाजच नव्हता. सावेदादा म्हणजे हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकरांनी १८९९ साली मुंबईत कुस्ती चित्रित केली. रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले तेव्हा, १९०१ साली, त्यांचे स्वागतही सावेदादांनीच टिपले. फर्ग्युसन कॉलेजच्या या भावी प्राचार्यांचे स्वागत म्हणजे आपल्याकडच्या वार्तापटाचा एक आरंभ. दादासाहेब फाळक्यांनी ‘राजा हरिश्चंद्र’च्या आधी कुंडीतल्या वाटाण्याची वाढ एकेक चौकट टिपत चित्रित केली आणि ती दाखवून भांडवल मिळवले. मोठ्या चित्रपटांच्या धंद्याला पहिला पैसा एका छोट्या वास्तवचित्राने मिळवून दिला, ही गोष्ट माहितीपटवाल्यांनी विसरू नये.

आवाज आला तो सरकारचा. दुसऱ्या महायुद्धात प्रचारासाठी फिल्म अ‍ॅडव्हायझरी बोर्ड निघाले. काही काळ व्ही. शांतारामांनी त्याचे काम पाहिले. १९४३ साली थिएटरांवर अशा फिती दाखवण्याची सक्ती झाली. स्वातंत्र्यानंतर १९४८ साली मुंबईत फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली आणि सक्ती पुन्हा लागू झाली. परवाना हवा असेल तर थिएटरवाल्याने प्रत्येक खेळाला मंजूर झालेली फीत दाखवायची आणि तिचे भाडेही भरायचे. प्रभात, वसंत, श्रीनाथ, कुठेही जा, मुख्य चित्रपटाच्या आधी ‘भारतीय समाचार चित्र’ किंवा एखादा अनुबोधपट लागायचाच. धरणे, कालवे, पूर, लसीकरण, पाहुण्या राष्ट्राध्यक्षांचे दौरे. लोक तेवढा वेळ बाहेर शेंगदाणे घेत थांबत. मी आवडीने आत बसे. तिथे काही तरी खटकते आहे हे मला तेव्हा जाणवे, पण सांगता येत नसे. आता सांगता येते. पडद्यावर शेतकरी दिसे आणि बोले निवेदक. बाई हंडा घेऊन चाले आणि तिला पाणी मिळाल्याचा आनंद निवेदक सांगे. तिच्या हंड्याचा आवाजदेखील कुठल्या तरी स्टुडिओत वाजवलेला असे.

याला धोरण जबाबदार होते, तसे तंत्रही. चित्र आणि आवाज जागेवर एकदम घ्यायचा तर कॅमेरा आवाज न करणारा हवा, टेपरेकॉर्डर त्याच्याशी जुळवून चालणारा हवा. ते सामान महाग आणि जड. कुडेल्स्कीचा नाग्रा खांद्याला लावून फिरता येऊ लागल्यावर वाट मोकळी झाली. फिल्म्स डिव्हिजनमध्येही काही माणसांनी ती चोखाळली. एस. एन. एस. शास्त्रींनी १९६७ साली ‘आय अ‍ॅम ट्वेन्टी’ केला. १९४७ साली जन्मलेली मुले-मुली त्यात देशाबद्दल मनातले बोलतात. सरकारी पैशाने केलेली ती फीत आजही ताजी वाटते, कारण तिच्यातली तरुण मंडळी एकमेकांसारखी बोलत नाहीत. अशा फिती थोड्या. सरकारी चौकटीबाहेर पडून काम करायचे तर फिल्म कुठून आणायची हा प्रश्न होता. सोळा मिलीमीटरची चारशे फुटांची गुंडाळी अकरा मिनिटांत संपते. कष्टकरी माणूस बोलायला लागायलाच अकरा मिनिटे घेतो. तो रंगात यावा आणि फिल्म संपावी, असे किती वेळा झाले असेल.

अशा काळात आनंद पटवर्धन उभे राहिले. जन्म १९५० सालचा, मुंबईचा. नगरचे राऊ आणि अच्युत पटवर्धन हे त्यांचे काका. जयप्रकाशांच्या बिहार आंदोलनावरचा माहितीपट त्यांनी आणीबाणीच्या तोंडावर केला, आणीबाणीनंतर राजकीय कैद्यांवरचा. १९८५ सालचा ‘हमारा शहर’ मुंबईतल्या झोपड्या पाडण्याबद्दल आहे. त्यात घर पाडलेली एक बाई दिग्दर्शकालाच जाब विचारते, तुम्ही ही चित्रे घेऊन करणार काय. पटवर्धनांनी तो भाग कापला नाही. ध्वनिमुद्रक म्हणून मला ती जागा फार मोलाची वाटते. ज्याच्याकडे माइक आहे त्यालाच तिने प्रश्न विचारला आणि तो प्रश्न चित्रपटाचा भाग झाला. माझ्या शिकाऊ मुलांना मी पहिल्या दिवशी तेवढेच ऐकवीत असे.

त्याच सुमारास पुण्यात जे घडले ते मला अधिक जवळचे आहे. सुमित्रा भावे सिनेमावाल्या नव्हत्या. त्या समाजशास्त्र शिकलेल्या, कर्वे समाजसेवा संस्थेत शिकवलेल्या, त्याआधी दिल्लीत आकाशवाणीवर मराठी बातम्या वाचलेल्या. ‘स्त्रीवाणी’ संस्थेसाठी पुण्याच्या झोपडपट्ट्यांतल्या बायकांच्या आयुष्याचा अभ्यास त्या करत होत्या. बायका तासन्‌तास बोलल्या. त्यातल्या आठ दलित स्त्रियांच्या कहाण्यांचे इंग्रजी पुस्तक १९८८ साली निघाले, भाषांतर गेल ऑम्व्हेट यांचे. पण त्याआधीच भाव्यांना एक गोष्ट छळत होती. ज्यांनी हे सांगितले त्यांना वाचता येत नाही. अभ्यास विद्यापीठात जाईल, सांगणारीच्या हाती काय पडेल? या प्रश्नातून त्यांनी १९८५ साली ‘बाई’ हा लघुपट केला. कॅमेऱ्याचे शिक्षण नाही, स्टुडिओचा अनुभव नाही, हाताशी असलेले ज्ञान म्हणजे बायकांचे बोलणे नीट ऐकलेले. ‘बाई’ला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. १९८७ साली पाण्याच्या प्रश्नावरच्या ‘पाणी’लाही मिळाला. पुढे ‘चाकोरी’ आला, टाकलेल्या आणि सायकल शिकणाऱ्या बाईची गोष्ट.

हे काटेकोर अर्थाने माहितीपट नव्हेत, त्यात अभिनय आहे, रचलेले प्रसंग आहेत, असे कुणी म्हणेल. म्हणू द्यावे. मला त्यांच्यातला दुवा महत्त्वाचा वाटतो. संशोधनात ऐकलेला शब्द त्यांच्या संवादात जसाच्या तसा उतरला. शहरी लेखकाने बनवलेली झोपडपट्टीची बोली आणि या लघुपटांतली बोली यांतला फरक कानाला लगेच कळतो. सुनील सुकथनकर भाव्यांना या लघुपटांपासून साथ देऊ लागले आणि १९९५ सालच्या ‘दोघी’नंतर ही जोडी पूर्ण लांबीच्या चित्रपटांसाठी ओळखली गेली. ‘देवराई’, ‘अस्तु’, २०१६ सालचा सुवर्णकमळ मिळालेला ‘कासव’. १९ एप्रिल २०२१ रोजी सुमित्राताई गेल्या तेव्हा या मोठ्या चित्रपटांबद्दलच लिहून आले. मला आठवले ते व्हीएचएसवरचे लघुपट. टीव्हीचा खोका आणि व्हीसीआर रिक्षात घालून असे लघुपट वस्तीत न्यायचे, वीज कुणाच्या तरी घरातून ओढायची, पोरांना पुढे बसवायचे आणि बायकांची कामे उरकेपर्यंत थांबायचे. आवाज लहान पडे म्हणून मी पासोड्या विठोबाच्या बाजारातून घेतलेला एक स्पीकर सोबत नेत असे. बायका पडद्याकडे बघत एकमेकींशी बोलत. असे बोलणारा प्रेक्षक मला कुठल्याही महोत्सवात भेटला नाही.

पोट कशावर भरे ते सांगितल्याशिवाय या धंद्याचा इतिहास पुरा होणार नाही. माहितीपटावर भरत नसे. विद्यापीठाच्या शैक्षणिक माध्यम केंद्रात दूरदर्शनच्या ‘कंट्रीवाइड क्लासरूम’साठी धडे तयार होत. ही मालिका १९८४ साली सुरू झाली आणि तिच्यावर पुण्यातल्या कितीतरी तंत्रज्ञांची घरे चालली. भोसरी-पिंपरीच्या कारखान्यांसाठी औद्योगिक फिल्म, संस्थांचे वार्षिक अहवाल, लग्ने, मुंजी. यातून उरलेल्या दिवसांत स्वतःचा माहितीपट. दिग्दर्शक मित्र फंड मिळेल म्हणून काम सुरू करी, फंड येईपर्यंत विषयातली माणसे गाव सोडून गेलेली असत. घरातले दागिने मोडून केलेले माहितीपट मी पाहिले आहेत. ज्यांची बायको किंवा नवरा पगारदार होता तेच टिकले, हे या स्वतंत्र धंद्याचे खरे अर्थशास्त्र आहे आणि ते कुठल्याही श्रेयनामावलीत येत नाही. त्या पगारदार माणसांची नावे यायला हवी होती.

नव्वदीत एकदम पैसा आला, तो एड्सबरोबर. १९९२ साली भोसरीत राष्ट्रीय एड्स संशोधन संस्था सुरू झाली, राज्योराज्यी नियंत्रण कार्यक्रम आले, जनजागृतीच्या फिती हव्या झाल्या. कॅमेरे आमच्या पेठेकडे वळले. त्या काळात दाणे आळीत किती जण आले याची मोजदाद नाही. बहुतेकांचा संदेश आधीच लिहून तयार असे, त्याला जोडायला फक्त एक चेहरा हवा असे. खिडकीतली बाई, जिन्यावरची बाई, ओठांना लिपस्टिक लावणारी बाई. एका वाहिनीने लपवलेल्या कॅमेऱ्याने घेतलेले चित्र दाखवले आणि त्यातल्या एका मुलीला तिच्या गावच्या माणसांनी ओळखले. तिचे वर्षातून एकदा घरी जाणे त्यानंतर बंद झाले. हा माझ्या परिसरातला प्रसंग आहे आणि त्याचा राग मला आजही आहे.

त्याच सुमारास मी एका छोट्या गटाबरोबर आळीत ध्वनिमुद्रण केले. दिग्दर्शिका आधी काही महिने नुसती जाऊन बसत होती, कॅमेरा न नेता. एका माडीवरच्या वयस्क बाईने, बेळगावकडच्या, तिला अट घातली, “ताई, आवाज घ्या, तोंड नको.” मग मला म्हणाल्या, “दादा, तुमचं ते यंत्र माझ्या उशाशी ठेवा. रात्री झोप येत नाही तेव्हा मी बोलते.” आम्ही टेपरेकॉर्डर चालवायला शिकवून त्यांच्यापाशी ठेवला. आठवड्याने परत घेतला तेव्हा त्यात कानडी होते, मराठी होते, मधे एक पूर्ण गाणे होते, मुलाच्या शाळेच्या फीचा हिशेब होता, शेजारणीशी भांडण होते. गिऱ्हाइकाबद्दल जवळजवळ काहीच नव्हते. ज्यांनी पैसे द्यायचे कबूल केले होते त्यांना हे चालले नाही. त्यांना दुःख हवे होते, तेही त्यांच्या ओळखीचे. तो माहितीपट पुरा झाला नाही. माझ्या सगळ्या कामात तेवढे खरे ध्वनिमुद्रण दुसरे नाही.

पुढे हवा थोडी बदलली. वस्तीतल्या बायकांच्या स्वतःच्या संघटना झाल्या, बुधवारात सहेली संघ, सांगलीकडे वेश्या अन्याय मुक्ती परिषद. कॅमेरा कुणाचा आहे, कशासाठी आला आहे, चित्र कुठे दाखवणार, हे त्या विचारू लागल्या. बिशाखा दत्ता यांच्या ‘इन द फ्लेश’ (२००२) मध्ये धंदा करणाऱ्या व्यक्ती स्वतःबद्दल बोलतात, दया मागत नाहीत. नव्वदीतल्या त्या संदेशपटांशेजारी तो ठेवून पाहिला की दशकभरात काय सरकले ते समजते. संघटना आधी आली आणि मग माहितीपट सुधारला, असा तो क्रम आहे. माहितीपटाने समाज सुधारला असे आम्ही भाषणांत म्हणतो, पण मी पाहिलेले बरेचसे उलटे आहे.

दरम्यान तंत्रही स्वस्त होत गेले. यू-मॅटिकच्या वीस मिनिटांच्या जाड कॅसेटी, मग हाय-८, मग १९९५ नंतरची तळहातावर मावणारी मिनी-डीव्ही, एका कॅसेटवर तासभर. अकरा मिनिटांचा तास झाला आणि माणसे सावकाश बोलू लागली. टाटा समाजविज्ञान संस्थेतल्या अंजली मोंतेरो आणि के. पी. जयशंकर यांनी येरवडा तुरुंगातल्या कवी-कलावंत कैद्यांवर केलेला ‘वायसीपी १९९७’ बघावा. भिंतीआडचा माणूस त्यात कैदी म्हणून आधी दिसत नाही, त्याची कविता आधी येते. अतुल पेठे यांनी पुणे महापालिकेच्या सफाई कामगारांवर ‘कचराकोंडी’ केला. त्या कामातून झालेली ओळख पुढे रंगमंचावर गेली आणि २०१२ साली गो. पु. देशपांड्यांचे ‘सत्यशोधक’ हे फुल्यांवरचे नाटक पेठ्यांनी सफाई कामगारांनाच घेऊन बसवले. ज्योती सुभाष यांनी हमीद दलवाईंवर माहितीपट केला. पेठे किंवा ज्योती सुभाष यांनी माहितीपट हा व्यवसाय म्हणून धरला नव्हता. प्रश्नाने त्यांना कॅमेऱ्याकडे ढकलले, सुमित्राताईंना ढकलले होते तसेच.

पटवर्धनांची वाट मात्र पूर्णवेळची, आणि तिची किंमत त्यांनी न्यायालयात मोजली. २००२ सालच्या ‘जंग और अमन’ला सेन्सॉरने कापाकापी सुचवली, मुंबई उच्च न्यायालयाने तो जसाच्या तसा सोडला. ‘पितृ, पुत्र और धर्मयुद्ध’ दूरदर्शनने दाखवावा, हा निकाल सर्वोच्च न्यायालयातून २००६ साली आला. चित्रपट तोवर दशकभर जुना झाला होता. २००४ साली मुंबईच्या सरकारी महोत्सवाने भारतीय माहितीपटांना सेन्सॉर प्रमाणपत्राची अट घातली तेव्हा माहितीपटवाल्यांनी ‘विकल्प’ नावाने वेगळा महोत्सव भरवला. एकटे-दुकटे काम करणारी ही जमात एकत्र आल्याचे मी तेव्हा पहिल्यांदा पाहिले.

‘जय भीम कॉम्रेड’बद्दल मात्र थांबून बोलायला हवे. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात गोळीबार झाला, दहा माणसे मेली. चार दिवसांनी शाहीर विलास घोगरे यांनी आत्महत्या केली. ‘हमारा शहर’मध्ये त्यांचे गाणे होते. पटवर्धनांनी पुढची चौदा वर्षे या एका धाग्यामागे घालवली आणि २०११ साली तीन तासांहून मोठा माहितीपट पुरा केला. त्यात निवेदकाचे फारसे काम नाही. शाहीर गातात, वस्त्या गातात, आणि शेवटाकडे पुण्याच्या कबीर कला मंचाची मुले येतात, कासेवाडीत वाढलेली शीतल साठे येते. लोकांच्या गळ्यातून लोकांचा इतिहास ऐकू यावा, हे काम आमच्या धंद्याने इतक्या चांगल्या रीतीने दुसऱ्यांदा केलेले नाही. तो माहितीपट मुंबईत आधी भायखळ्याच्या बीआयटी चाळीत दाखवला गेला आणि नंतर महोत्सवांत फिरला. हा क्रमही मला बरोबर वाटतो.

आता पुढची पिढी आली आहे आणि तिला कुणाकडून आवाज मागून घ्यायचा नाही. सांगली जिल्ह्यातल्या गावातून आलेला, पुण्यात शिकलेला सोमनाथ वाघमारे २०१७ साली ‘द बॅटल ऑफ भीमा कोरेगाव’ घेऊन आला. १ जानेवारीला कोरेगावच्या जयस्तंभापाशी लाखो माणसे का जमतात, हे त्या लाखोंतल्याच एकाने सांगितले. पुढे त्याने दादरच्या ‘चैत्यभूमी’वर माहितीपट केला आणि गेल ऑम्व्हेट व भारत पाटणकर यांच्यावरचे काम हाती घेतले. १९८८ साली पुण्यातल्या आठ दलित स्त्रियांचे शब्द इंग्रजीत नेणाऱ्या गेल, आणि त्यांच्यावर कॅमेरा धरणारा दलित तरुण. मधल्या वर्षांत आमच्या धंद्यात जे बदलले ते सगळे या एका गोष्टीत आहे. पैशाची अडचण मात्र तशीच आहे. पूर्वी फंड देणारी संस्था शोधावी लागे, आता लोकवर्गणी मागावी लागते.

पेठही बदलली. प्रभात थिएटर २०१४ सालच्या अखेरीस बंद झाले आणि मूळ मालकांकडे जाऊन किबे लक्ष्मी या जुन्या नावाने पुन्हा उघडले. थिएटरांतली अनुबोधपटांची सक्ती केव्हाच संपली. फिल्म्स डिव्हिजन २०२२ साली राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली. भिडे वाडा मोडकळीला आला होता, स्मारकासाठी तो डिसेंबर २०२३ मध्ये पाडला. तो उभा होता तोवर त्याच्या लाकडी जिन्याचा आवाज कुणी टिपून ठेवला असेल तर त्याने तो जपावा.

आणि आता मूळ मुद्दा, ज्यासाठी मी हे लिहायला घेतले. या शहरात संस्थांच्या कपाटांत, संघटनांच्या कचेऱ्यांत, निवृत्त कार्यकर्त्यांच्या माळ्यांवर यू-मॅटिक, व्हीएचएस, हाय-८ आणि मिनी-डीव्हीच्या कॅसेटी पडून आहेत. पुण्याच्या पावसाळी हवेत त्यांना बुरशी धरते, फितीवरचा चुंबकीय थर सुटू लागतो. त्या चालवणारी यंत्रे आता बनत नाहीत, व्हीसीआर बनवणारी शेवटची कंपनी २०१६ साली थांबली. पुरे झालेले माहितीपट कुठे ना कुठे वाचतील. न कापलेले, अर्धवट राहिलेले, फंड देणाऱ्यांनी नाकारलेले ध्वनिमुद्रण वाचणार नाही, आणि माणसे मोकळेपणी बोललेली असतात ती त्यातच.

तेव्हा वाचकांना माझे सांगणे असे. तुमच्या संस्थेत किंवा घरात अशी कॅसेट असेल तर ती फेकू नका आणि कुतूहलापोटी जुन्या यंत्रात घालूनही बघू नका, बुरशी लागलेली फीत त्यात अडकून तुटते. कोरड्या जागी उभी ठेवा. तारीख, जागा, बोलणारी माणसे, जेवढे आठवते तेवढे कागदावर लिहून सोबत ठेवा, कारण नंतर ते कुणालाच आठवणार नाही. बोलणारी व्यक्ती हयात असेल तर तिला विचारा की हे कुणाला ऐकवले तर चालेल. मग लवकरात लवकर ती डिजिटल करून घ्या. बुधवार पेठेत हे काम करून देणारी माणसे आजही सापडतील. एक प्रत स्वतःकडे ठेवा, एक एखाद्या ग्रंथालयाला किंवा लॉ कॉलेज रस्त्यावरच्या संग्रहालयाला देता येते का ते विचारा, आणि एक त्या वस्तीत परत न्या जिथला तो आवाज आहे. पुढच्या पावसाळ्याआधी हे करा.